मोकळा केलेला चौक

अक्का, बुधवारी तुझ्या मातीला चौक भरला होता.

तुमच्या लिंगायत रिवाजाप्रमाणं तुला बसवून नेलं. केळीचे खुंट बांधलेल्या पालखीत, कपाळभर विभूती, मान जराशी डावीकडं कललेली. दुपारी गल्ल्यावर डुलकी लागली की ती अशीच कलायची. पुढं टाळ-मृदंग, मागं माणसं. आणि माणसं कुठली म्हणशील, तर सगळी पांगलेली. बायपासला गेलेला सायकलवाला आला होता. पलीकडच्या मैदानात हाकललेले हातगाडेवाले आले होते. दुकान मोडून परभणीला पोरीकडं राहायला गेलेल्या कासारीणबाई आल्या होत्या. आणि खेड्यापाड्यांतल्या बाया, ज्यांची नावं तुलाही ठाऊक नसतील, तुझ्या ओट्यावर टेकून पाणी प्यालेल्या, त्या तोंडाला पदर लावून उभ्या होत्या. मला पालखीपर्यंत पोचायला रेटावं लागलं. बीडच्या जुन्या चौकात गर्दीत रेटून वाट काढायची वेळ माझ्यावर किती वर्षांनी आली असेल!

चारच्या सुमाराला माती झाली. सहा वाजता मी परत चौकात आले, कारण गडबडीत माझी पिशवी तुझ्या ओट्यावर राहिली होती. पाहते तर चौकात एक कुत्रं, आणि पानटपरीवर दोन माणसं. बस्स. सकाळपासून माझ्या डोळ्यांत पाणी आलं नव्हतं. ते तिथं आलं.

माणसं मरणाला येतात अक्का, बाजाराला येत नाहीत. तू असतीस तर यावर काहीतरी बोलली असतीस आणि मी तुला उलट बोलले असते. हा चौक ओस कशानं पडला, यावरचं आपलं भांडण अर्धं राहिलंय. माझ्या बाजूचं एक सांगायचंही राहिलंय. ते सांगायलाच बसले आहे, पण एकदम तोंडातून निघणार नाही. जरा दम धर.

मी तुला पहिल्यांदा पाहिलं तेव्हा आम्ही चकलांब्याला राहत होतो. सासूबाईंबरोबर बीडला बाजाराला आले होते, सातवा महिना सुरू होता. तुझ्या भांड्यांच्या दुकानात सासूबाई एकेक परात बोटानं ठोकून बघत होत्या आणि मी या पायावरून त्या पायावर होत होते. सकाळपासून घोटभरसुद्धा पाणी प्याले नव्हते, तरी जीव घाईला आला होता. तू माझ्या तोंडाकडं एकदाच बघितलंस.

"बाळे, आत जा. कोठीच्या मागं हाय. कडी लागत न्हाई, दार धरून बस."

सासूबाईंना ते रुचलं नाही. परक्याच्या दुकानात जाऊन असलं काही करायचं, म्हणजे काय! तर तू त्यांनाच म्हणालीस, "मावशी, तुमी बी जाऊन या. त्यात लाजायचं कावून? देवानं समद्यांलाच दिलंय." आणि अक्का, त्या गेल्या! माझ्या सासूबाई! बाहेर आल्यावर तू दोघींना तांब्याभर पाणी दिलंस, आणि आम्ही पुढं दोन तास बाजार हिंडलो. एरवी बारा वाजले की परतीच्या गाडीकडं पळत सुटायचो. का पळतो, हे आम्ही एकमेकींनाही कधी सांगितलं नव्हतं.

पुढं ह्यांना बीडला काम लागलं, मी शिवणकाम सुरू करायचं ठरवलं, आणि जागा बघायला निघाले तेव्हा पाय आपोआप तुझ्याकडं वळले. दुकानावरची खोली तू मला दिलीस. पहिली दोन वर्षं मी तुला 'तुम्ही' म्हणायचे. मग एकदा जिन्यावरून पडले आणि पडता पडता "अक्का, धर गं!" असं ओरडले. तू धरलंस. तेव्हापासून 'तू'च.

तेव्हाचा चौक आठवतो? दिवसा तो खेड्यांचा असायचा आणि दिवेलागणीनंतर बीडकरांचा. सकाळी पाटोद्याच्या, गेवराईच्या बाजूच्या बाया यायच्या. दसऱ्याच्या पुढं ऊसतोडीला निघणाऱ्या टोळ्यांतल्या बायका पातेली, तवे, हंडे घ्यायला यायच्या. तुझ्या ओट्यावर त्यांची लेकरं निजलेली असायची. संध्याकाळी त्या गेल्या की हातगाडे भरायचे. भजी, पेरू, मोजे, कानातली, कुल्फी. प्रत्येक गाड्यावर एक दिवा. रस्त्यावरचा खांब बंद असला तरी कुणाच्या ध्यानात यायचं नाही. आणि त्या उजेडात नोकरी करणाऱ्या बायका, पोरींना घेऊन आलेल्या आया, आठ-साडेआठपर्यंत निवांत हिंडायच्या. कारण तुझं दुकान उघडं असायचं. कासारीणबाई मला म्हणायच्या, "महानंदाची ट्यूब हाय तवर मी बी हाय." तू शटर ओढलंस की सगळा चौक ओढायचा.

आजूबाजूचे दुकानदार तुला हसायचे. एकदा समोरच्या कापडवाल्यानं भर चौकात विचारलं होतं, "अक्का, भांड्याचं दुकान टाकलंय का सुलभ शौचालय?"

तू हातातलं गिऱ्हाईक न सोडता म्हणालीस, "जी बाई पाणी प्याली, ती दोन दुकानं जास्ती बघती. त्यातलं एक तुमचं असतंय. हसा तुमी."

 मीही तेव्हा हसले होते. त्यात किती व्यापार होता आणि किती माया, हे मला कधी नीट वेगळं करता आलं नाही. तुला विचारलं असतं तर तू म्हणाली असतीस, वेगळं करतीस कावून?

आता अर्जाचं सांगते.

चौकात वाहनं वाढली. माझ्या गिऱ्हाइकांना स्कूटर लावायला जागा मिळेना. जिना चढून वर आल्या की पहिली दहा मिनिटं हातगाड्यांच्याच नावानं बोटं मोडायच्या. "मंगलताई, काम चांगलं आहे हो तुमचं, पण तुमच्याकडं येणं म्हणजे शिक्षा." हे रोज ऐकून मी कावले होते. त्या सुमाराला काही दुकानदारांनी मिळून एक अर्ज केला, की चौकातले हातगाडे उठवा, रस्ता मोकळा करा. कागद फिरत फिरत वर माझ्या मशीनपाशी आला. मी वाचला आणि सही केली. अक्का, मी सही केली. कुणी दम दिला नव्हता, कुणी भरीला पाडलं नव्हतं. मला मनापासून वाटलं होतं की हे बरोबर आहे.

तुझ्याकडं तो कागद आणायची कुणाची छाती झाली नाही.

गाडे उठले त्या दिवशी तू ओट्यावर उभी राहून बघत होतीस. भजीवाल्याची कढई अजून गरम होती, ती त्याला धरताही येईना आणि सोडताही येईना. तू आतून जाड फडकं आणून त्याच्या हातात दिलंस. मग वर आलीस. एवढा जिना चढून तू सहसा यायची नाहीस. माझ्यासमोर बसलीस आणि विचारलंस, "त्या अर्जावर कुणाकुणाच्या सह्या हायेत गं?"

मी काज करत होते. मान वर केली नाही. म्हणाले, "मला काय ठाव, अक्का."

तू उठून खाली गेलीस.

रस्ता मोकळा झाला. पहिले काही दिवस सगळे खूश होतो. मग कळायला लागलं की रस्त्याबरोबर चौकही मोकळा झाला. मोटारसायकली सुसाट जायला लागल्या, म्हातारी माणसं पलीकडं जायला घाबरू लागली. हातगाड्यांचे दिवे गेल्यावर सात वाजताच अंधारून यायला लागलं. पेरू घ्यायला थांबणारी बाई थांबेना, थांबेना म्हणून बांगड्या बघेना, बांगड्या बघेना म्हणून वर माझ्याकडं येईना. कासारीणबाईंनी दुकान मोडलं. कापडवाल्यानं बायपासला जागा घेतली. आणि त्याच्यापाठोपाठ मी.

तुला सांगायला आले तेव्हा तू पितळी समया पुसत होतीस.

"जातीस?"

"इथं आता काय राहिलंय अक्का? संध्याकाळी माणूस दिसत नाही."

"कावून दिसत न्हाई?"

मी पार्किंगचं बोलले, नव्या कॉम्प्लेक्सचं बोलले, तिथं तळमजल्यावर दुकान मिळतंय, वयस्कर बायकांना जिना चढावा लागणार नाही, असं बरंच बोलले. त्यातलं काही खोटं नव्हतं.

तू म्हणालीस, "माणसं गाडी लावायला जागा हाय म्हणून येत न्हाईत, मंगल. माणसं माणसाला बघून येतेत."

"तुझं दुकान तुझ्या मालकीचं आहे म्हणून तुला हे सुचतं," मी म्हणाले. हे बोलायला नको होतं. तू समई खाली ठेवलीस आणि आत गेलीस. मग वर्षभर आपण बोललो नाही. नारायणगडच्या जत्रेत एकदा समोरासमोर आलो, तर तू माझ्याकडं न बघता प्रसाद माझ्या हातावर ठेवलास आणि पुढं निघून गेलीस. अबोल्यातही तुझा हात देताच राहिला.

बायपासला माझं काम वाढलं, हे मी कबूल करते. दिवसा तिथं गाड्या लागायच्या, बायका यायच्या, माप देऊन जायच्या. येऊन जायच्या, एवढंच. कुणी रेंगाळायचं नाही. शेजारी टाईल्सचं दुकान, पलीकडं गाड्यांचे टायर. सहा वाजले की एकेक शटर खाली, आणि समोरून ट्रक. बोर्डांचे दिवे एवढे की डोळे दिपावेत, आणि त्या झगझगाटात मी एकटी मशीनवर.

तो माणूस येऊन पायरीवर बसला, त्या दिवशी साडेसात वाजले असतील. दारू प्यालेला होता. दारातच बसला, म्हणजे मला बाहेर पडता येईना. मी आतून दोनदा हाक मारली, तो नुसता मान हलवायचा. ह्यांचा फोन लागेना. शेजारी सगळं बंद. आणि माझ्या बोटांनी तुझा नंबर लावला. वर्षभरानंतर. तू "हं" म्हणालीस, मी "अक्का" म्हणाले, आणि तू पुढचं काही विचारलंच नाहीस. "कुठंशी हाय तुजं दुकान?" एवढंच.

पंधरा मिनिटांत रिक्षातून उतरलीस. हातात पितळी उलथणं! अक्का, दुकानात एवढे लोखंडी तवे, सांडश्या, आणि तू उलथणं घेऊन आलीस.

"ऊठ बे," तू म्हणालीस. तुझ्या तोंडून 'बे' मी पहिल्यांदा ऐकला. त्यानं वर पाहिलं आणि धडपडत उठून दोन्ही हात जोडले.

"गाडी चुकली, माय," तो म्हणाला. "गेवराईला जायचंय. पाय चालंनात."

तू त्याला त्याच रिक्षात बसवून स्टँडवर पाठवलंस आणि रिक्षावाल्याला बजावलंस, की नीट गाडीत बसवून दे. मग आत आलीस, उलथणं मशीनवर ठेवलंस आणि दोघी एकदमच हसायला लागलो. माझं हसता हसता रडणं झालं. तू काही समजूत घातली नाहीस. दुकानभर नजर फिरवलीस आणि विचारलंस, "संडास कुठंय?"

"मागं आहे. पण कुलूप असतं. चावी मालकांकडं."

"मंग तू काय करतीस दिवसभर?"

"पाणी कमी पिते," मी म्हणाले.

तू बाहेरच्या बोर्डांकडं बघितलंस. "दिवे लई हायेत गं तुज्याकडं," म्हणालीस, "माणूस न्हाई." आणि लगेच पुढं, "पर तुज्या गिऱ्हाइकाला जिना न्हाई चढावा लागत, ते बरं केलंस." तेवढं एक वाक्य तू मला दिलंस. ते मी अजून जपून ठेवलं आहे.

त्यानंतर भांडण पुन्हा सुरू झालं, म्हणजे सगळं सुरळीत झालं. मी म्हणायचे, काळ बदलला. तू म्हणायचीस, काळाला हात असतेत व्हय, कुणीतरी बदलतंय म्हणून बदलतोय. मी म्हणायचे, हातगाडे होते तेव्हा रुग्णवाहिका अडकायची, ते विसरलीस? ते तू नाकारायची नाहीस, कारण ते खरं होतं. दोन दिवसांनी उत्तर घेऊन यायचीस: "एका बाजूला लावायचे व्हते गाडे. उठवायचे कावून?" हे तू मला त्या अर्जाच्या आधी सांगितलं असतंस तर! पण आधी विचारलं कुणी होतं तुला?

मग तू अंथरुणाला खिळलीस. दुकान कधी उघडं, कधी बंद. मी रोज संध्याकाळी घरी जाताना चौकावरून वाट वाकडी करून तुझ्याकडं यायचे, आणि तू विचारायचीस, "आज कोण कोण उघडं व्हतं?" मी सांगायचे. किराणावाला, औषधवाला, पानटपरी. रोज यादी तेवढीच किंवा एकानं कमी. एका संध्याकाळी तुझा चेहरा फारच उतरलेला होता. मी म्हणाले, "अक्का, कासारीणबाई परत आल्यात. दुकान उघडलंय त्यांनी. हिरवा चुडा लावलाय दर्शनी."

तू डोळे मिटून होतीस. तशीच म्हणालीस, "खोटं बोलाया लागलीस. म्हंजी मी लई दिवसांची न्हाई."

त्याच क्षणी मी तुला सहीचं सांगायला हवं होतं. जिभेवर आलं होतं. तेवढ्यात तुझा पोरगा बसवराज औषध घेऊन आला, तुला उठवून बसवायचं झालं, आणि मी पेला धरायला गेले. दुसऱ्या दिवशी तुला बोलवत नव्हतं. तिसऱ्या दिवशी बुधवार होता.

तर हे असं आहे, अक्का. चौक मोकळा करायच्या कागदावर माझी सही आहे, आणि चौक मोकळा झाला म्हणून सोडून जाणाऱ्यांतही मीच आहे. तुझ्यासमोर मान खाली घालून "मला काय ठाव" म्हणाले, ते खोटं होतं. तुला ठाऊक होतं का? त्या दिवशी वर येऊन तू दुसऱ्या कुणाला विचारलं नाहीस, मलाच विचारलंस. पण तू माझ्याकडं नेहमीच आधी यायचीस, त्यामुळं त्यावरूनही काही कळत नाही. ठाऊक असूनही उलथणं घेऊन आली असशील, तर माझ्याच्यानं त्याची फेड व्हायची नाही. ठाऊक नसेल, तर तू माझ्यावर फुकटचा विश्वास टाकून गेलीस. दोन्हींतलं कोणतं सोसायला सोपं, ते मला ठरवता येत नाही.

बसवराजनं परवा मला विचारलं, "मावशी, दुकान चालवायला माणूस ठेवू का गोडाऊनला देऊन टाकू?" त्याची लातूरची नोकरी, त्याची पोरं तिकडच्या शाळेत. त्याला काय सांगायचं? चालव म्हणायचा अधिकार मला नाही. बंद कर म्हणवत नाही. एवढंच म्हणाले, की कोठीमागचं ते दार तेवढं उघडं ठेवता येईल का बघ. तो विचार करतो म्हणाला. मी स्वतः चौकात परत जाणार का? नाही, अक्का. खोटं परत नको. माझे गुडघे गेलेत आणि गिऱ्हाईक इकडं बसलंय.

पण एक केलं. कॉम्प्लेक्सच्या मालकांकडं जाऊन संडासाची चावी मागितली. "बाहेरच्या बाया येतील," ते म्हणाले. मी म्हणाले, येऊ द्या. "घाण होईल." मी बघते म्हणाले. चावी मिळाली. समोर दुभाजकापाशी सुमन नावाची एक बाई सीताफळं विकायला बसते, पाटोद्याकडची आहे. मी तिला जाऊन सांगितलं. तिनं आधी माझ्याकडं संशयानंच पाहिलं. दुपारी आली. जाताना तांब्याभर पाणी प्याली. दुसऱ्या दिवशी आली, आणि तिसऱ्या दिवशी विचारलं, "ताई, दिवस कलला की तिकडं ट्रकाचं भ्या वाटतंय. टोपली तुमच्या पायरीम्होरं ठिवू का?"

मी ठेव म्हणाले.

काल संध्याकाळी मालक आले. टोपली बघून म्हणाले, "ताई, हिला उठवा. आज टोपली आहे, उद्या हातगाडे येतील. गिऱ्हाइकांनी गाड्या कुठं लावायच्या?"

अक्का, ज्या अर्जावर मी सही केली त्यात हेच होतं. याच शब्दांत. मी कात्री बाजूला ठेवली.

"एका बाजूला बसंल ती," मी म्हणाले. "उठणार न्हाई."

ते मोबाईलवर बोलत निघून गेले. भाडेकरार संपला की मला काढतील कदाचित, ठाऊक नाही. सुमननं यातलं काहीच ऐकलं नव्हतं. टाईल्सच्या दुकानातली बाई शटर ओढून घरी निघाली होती, ती मध्येच थांबली होती, एक सीताफळ हातात घेऊन "उद्यापर्यंत पिकेल का?" असं विचारत होती. सुमन म्हणाली, "तांदळात ठिवा, सकाळी खा." मग दोघींचं कुठून कशावर बोलणं निघालं कुणास ठाऊक, ती टाईल्सवाली बाई पर्स मांडीवर घेऊन माझ्या पायरीवर बसली. माझं घड्याळाकडं लक्ष गेलं तेव्हा साडेसात वाजून गेले होते. दोघींपैकी कुणालाच घाई नव्हती.